चौथा प्रतिवादी

बढतीची यादी आली तेव्हा ताई एका वयस्कर गृहस्थांची सायकल चोरीला गेल्याची तक्रार लिहून घेत होत्या. समोर सूचनाफलकापाशी चार-पाच जण गोळा झाले होते. कोणीतरी "अरे, पैलवान लागला!" असं ओरडलं आणि मग सगळे एकदम गप्प झाले. ताईंनी मान वर केली नाही. सायकलचा रंग, घंटी आहे की नाही, मागचं चाक नवं की जुनं, सगळं लिहून घेतलं, गृहस्थांना दारापर्यंत सोडलं आणि मगच त्या फलकाकडे गेल्या.

एकवीस उपनिरीक्षक निरीक्षक झाले होते. ताईंचं नाव नव्हतं.

असं तिसऱ्यांदा होत होतं. पहिल्या दोन वेळा जागाच थोड्या होत्या, त्यामुळे त्यांनी मनाला लावून घेतलं नव्हतं. या वेळी मात्र ज्येष्ठतेच्या यादीत त्या सहाव्या होत्या. पाचवा झाला, सातवा झाला, आणि सगळ्यात शेवटी, एकविसावा, पैलवान झाला.

पैलवान त्यांच्याच तुकडीतला. आखाड्याचं तोंडही त्याने कधी पाहिलं नव्हतं. अंगाने काटकुळा म्हणून तुकडीने हे नाव ठेवलं ते एकोणीस वर्षं चिकटून राहिलं. एका दगडफेकीत ताईंच्या डोक्याला वीट लागली तेव्हा याच काटकुळ्या माणसाने त्यांना खांद्यावर टाकून दवाखान्यापर्यंत पळत नेलं होतं. ताईंच्या सासूला तो मावशी म्हणायचा आणि जेवायची वेळ बघून घरी यायचा.

तो घुटमळत ताईंच्या टेबलापाशी आला. "ताई, शपथेवर सांगतो, मला काही कल्पना नव्हती."

"तुझा काय दोष त्यात? अभिनंदन."

ताईंनी हात पुढे केला. त्याने तो धरला, पण त्याला धड हसता येईना. पुढच्याच आठवड्यात जुन्या निरीक्षकांची बदली झाली आणि त्यांच्या खुर्चीवर पैलवान आला. ताई त्याला चारचौघांत साहेब म्हणू लागल्या.

घरी मात्र त्यांना झोप येईना. त्यांनी अर्ज करून पाच वर्षांच्या गोपनीय अहवालांच्या प्रती मागवल्या. वरिष्ठ अधिकारी दरवर्षी हाताखालच्यांच्या कामाविषयी जे लिहितात, ते हे अहवाल. बढतीची समिती त्यांवरच ठरवते. प्रती यायला दोन महिने लागले. आल्या त्या दिवशी ताईंचे यजमान कामावरून येताच चष्मा पुसून जेवणाच्या टेबलावर बसले. ते छापखान्यात मुद्रितशोधक होते. लग्नपत्रिका हातात आली तरी आधी चुका शोधायचे आणि मग लग्न कोणाचं ते बघायचे.

चार वर्षांचे अहवाल 'अत्युत्तम' होते. तिसऱ्या वर्षीचाही मजकूर तसाच होता. ठाण्याच्या तेव्हाच्या निरीक्षकांनी दोन परिच्छेद भरून कौतुक केलं होतं. पण खाली, वरिष्ठांच्या रकान्यात, निरीक्षकांच्याही वरच्या मोठ्या साहेबांनी एकच शब्द लिहिला होता. 'सर्वसामान्य.' कारण काहीच नाही.

"हे तुला कधी दाखवलं होतं?" यजमानांनी विचारलं.

"आज पहिल्यांदा बघतेय."

"आणि तारीख बघितलीस?" त्यांनी पेन्सिलीचं टोक टेकवलं. "बाकी सगळ्यांवर साहेबांची सही वर्ष संपल्यावर दोन महिन्यांत झालीय. ही मात्र दोन वर्षांनी. तुमची समिती कधी बसली?"

ताईंनी तारीख सांगितली. सही त्याच्या तीन दिवस आधीची होती.

त्या वर्षी काय झालं होतं ते आठवायला ताईंना वेळ लागला नाही. एका गाडीने एका बाईला उडवलं होतं. तिचा भाऊ दुपारी चार वाजून दहा मिनिटांनी तक्रार द्यायला आला आणि पाठोपाठ मोठ्या साहेबांचा फोन आला. तक्रार घ्या, पण तारीख आजची नको, दोन दिवसांनंतरची टाका; गाडीवाला ओळखीचा आहे, त्याला सवड मिळू दे. ताई म्हणाल्या, साहेब, माणूस आज समोर बसलाय. पलीकडून फोन ठेवला गेला. पुढे कोणी काही बोललं नाही, म्हणून विषय मिटला असं ताईंनी धरून चाललं होतं.

"दोन वर्षं पोटात ठेवलं होतं म्हणजे," सासूबाई म्हणाल्या. "अगं, मग बसलीस काय? वकील गाठ."

वकीलबाई फटकळ होत्या. त्यांनी कागद चाळले आणि खूश झाल्या. "न दाखवलेला शेरा, कारण नाही, तारीख ही अशी. सेवा न्यायाधिकरणात हे टिकणार नाही. पण एक गोष्ट. पहिला प्रतिवादी सरकार, दुसरं आयुक्तालय, तिसरे तुमचे मोठे साहेब. चौथा कोण?"

"चौथा कशाला?"

"तुम्ही जिंकलात तर एक जागा तुम्हाला द्यावी लागेल. ती कोणाची तरी जाणार. यादीत शेवटचा कोण आहे?"

ताईंनी पैलवानाचं नाव सांगितलं.

"त्याला प्रतिवादी करावंच लागतं. त्याचं म्हणणं न ऐकता त्याची जागा काढता येत नाही. त्याला वगळलंत तर पहिल्याच तारखेला अर्ज फेटाळतील."

ताई कागद घेऊन घरी आल्या. दिवसभर कामात असल्या की बरं वाटायचं, पण घरात पाऊल टाकलं की तो कागद नजरेसमोर यायचा. चौथ्या दिवशी सासूबाई म्हणाल्या, "त्याला आधी सांग. नोटिशीतून कळू देऊ नकोस."

ताईंनी ते ठरवलंही होतं. सकाळी लवकर जाऊन त्याच्या खोलीत बसायचं आणि सांगून टाकायचं. पण सह्या झाल्या, अर्ज दाखल झाला, आणि दोन दिवस पैलवान बंदोबस्तावर बाहेर होता. तिसऱ्या दिवशी ताई ठाणे अंमलदार म्हणून दाराजवळच्या टेबलावर बसल्या होत्या तेव्हा न्यायाधिकरणाचा शिपाई आला आणि त्याने एक लिफाफा पुढे केला.

वर पैलवानाचं नाव आणि हुद्दा होता. खाली ठळक अक्षरांत 'प्रतिवादी क्रमांक चार'.

आलेल्या टपालाची नोंद करणं ताईंचंच काम होतं. त्यांनी नोंद केली, क्रमांक टाकला, शिपायाला पोच दिली आणि लिफाफा घेऊन आत गेल्या.

"बस ना," पैलवान म्हणाला. त्याने लिफाफा फोडला. वाचता वाचता त्याचे ओठ आवळत गेले. दोनदा वाचून झाल्यावर त्याने कागद घडी घालून पुन्हा लिफाफ्यात ठेवला.

"मी तुला सांगणार होते," ताई म्हणाल्या. "परवाच."

"परवा मी नव्हतो."

"तुझ्याशी माझं भांडण नाही, पैलवान. तो शेरा..."

"मी तुझ्याकडून काही हिसकावून घेतलं नव्हतं ताई. मला दिलं, मी घेतलं." तो उठून खिडकीशी गेला. "घरी सांगू काय? पोरगी शाळेत सगळ्यांना सांगत सुटलीय, बाबा मोठे साहेब झाले म्हणून."

ताई दाराकडे वळल्या.

"आणि यापुढे पैलवान म्हणू नकोस," तो पाठमोराच म्हणाला.

दुसऱ्या दिवशी हुकूम निघाला. ताईंकडचे सगळे तपास काढून घेतले होते आणि त्यांना मुद्देमालाच्या खोलीवर नेमलं होतं. गुन्ह्यांत जप्त झालेल्या वस्तू जिथे ठेवतात ती खोली: एक लोखंडी दार, एक दिवा, छतापर्यंत मांडण्या. आधीचा हवालदार निवृत्त झाला होता. जाताना त्याने ताबा देण्याची यादी तयार ठेवली होती, चारशे बारा वस्तू. ताईंनी फक्त सही करायची होती.

"मोजल्याशिवाय सही नाही," ताई म्हणाल्या.

"वरून सांगितलंय, आजच ताबा घ्या," पैलवान म्हणाला. तो 'वरून' म्हणाला तेव्हा ताईंकडे बघत नव्हता.

"मग तसं लिहून द्या, साहेब."

त्याने लिहून दिलं नाही. ताई मोजायला बसल्या. चाकू, घड्याळं, मोबाइल, कुलपं, रक्ताचे डाग पडलेली चादर, एका खोट्या डॉक्टरची पाटी. प्रत्येक वस्तूचं लेबल वाचायचं, नोंदवहीशी ताडायचं, खूण करायची. जेवणाच्या सुट्टीत पूर्वी सगळे एका टेबलावर बसायचे. आता ताई गेल्या की कोणाला तरी फोन यायचा, कोणाचं तरी जेवण आधीच झालेलं असायचं. त्यांनी डबा खोलीतच खायला सुरुवात केली.

सहाव्या दिवशी, सोमवारी संध्याकाळी, त्या एकशे सत्त्याऐंशी क्रमांकाच्या वस्तूपाशी अडल्या. घरगुती बनावटीचं पिस्तूल, एक. वहीत 'खोलीत जमा' अशी नोंद. मांडणीवर त्या जागी रिकामी पुठ्ठ्याची पेटी होती.

त्यांनी सगळ्या मांडण्या पुन्हा पाहिल्या, पेट्या उलट्या केल्या, गुडघ्यांवर बसून कपाटाखाली हात घातला. पिस्तूल नव्हतं.

न्यायाधिकरणातली सुनावणी गुरुवारी होती. हरवलेलं हत्यार म्हणजे चौकशी, आणि चौकशी सुरू असलेल्या माणसाची बढती जागच्या जागी गोठते, हे खात्यातल्या नवख्या शिपायालाही ठाऊक असतं. ताबा आपण घेतलेला नाही हे ताईंना माहीत होतं. पण गेले सहा दिवस किल्ली त्यांच्याच कमरेला होती.

घरी आल्यावर त्यांनी सगळं सांगितलं. यजमानांनी चष्मा काढून ठेवला. मग हळूच म्हणाले, "अजून दोनशे वस्तू मोजायच्यात ना तुझ्या? मोजणी शुक्रवारी पूर्ण झाली असं समज. तेव्हा कळलं असं."

"आणि तोवर ते कोणाच्या हातात असेल तर? कोणावर चाललं तर?"

"तसं नव्हतं म्हणायचं मला."

"तसंच म्हणायचं होतं तुम्हाला. मलाही तेच म्हणायचं होतं, येताना सगळी वाट." ताई खुर्चीत मटकन बसल्या. "पण मग मी आणि तो तारीख बदला म्हणणारा, काय फरक राहिला?"

मंगळवारी सकाळी त्यांनी अहवाल लिहिला आणि पैलवानाच्या टेबलावर ठेवला. त्याने तो वाचला. एका क्षणी त्याचा चेहरा उतरला, पण लगेच त्याने स्वतःला सावरलं.

"हा वर गेला की तू संपलीस," तो म्हणाला.

"माहीत आहे."

"परत घे. मी शोधतो."

"शिक्का मारा, साहेब. पोच द्या."

पैलवानाने खण उघडला, बंद केला, पुन्हा उघडला. शेवटी त्याने शिक्का मारला. तासाभरात मोठ्या साहेबांचा फोन आला आणि बुधवारी दुपारी ताईंच्या हातात खुलासा मागणारं पत्र पडलं. तुम्हाला निलंबित का करू नये, ते तीन दिवसांत कळवा. इतक्या झपाट्याने खात्यात कुठलंच काम झालेलं ताईंनी एकोणीस वर्षांत पाहिलं नव्हतं.

गुरुवारी न्यायाधिकरणाची खोली भरलेली होती. दोन सदस्य होते, एक पांढऱ्या केसांच्या न्यायाधीशबाई आणि एक निवृत्त अधिकारी. पैलवान मागच्या बाकावर कडक गणवेशात बसला होता. दाढी नीट केलेली, पण डोळे लाल. ताईंनी नमस्कारासाठी मान हलवली. त्याने नजर चुकवली.

वकीलबाई झकास बोलल्या. अहवाल, कारणाचा पत्ता नसलेला शेरा, दोन वर्षांनंतरची तारीख. न्यायाधीशबाईंनी मूळ कागद मागवून घेतला, चष्म्यातून बघितला आणि सरकारी वकिलाला विचारलं, "ही सही समितीच्या तीन दिवस आधीची कशी काय?"

सरकारी वकील सावकाश उठले. "त्याचा खुलासा करूच. पण त्याआधी एक बाब नजरेला आणतो. अर्जदारांच्या ताब्यातून एक पिस्तूल गहाळ झालं आहे. कालच त्यांना निलंबनाची नोटीस गेली. अशा अधिकाऱ्याला बढती द्या म्हणून हे न्यायाधिकरण सांगणार आहे का?"

खोलीत कुजबुज उठली. वकीलबाईंनी ताईंकडे वळून दबक्या आवाजात म्हटलं, "पुढची तारीख मागू?" पुढची तारीख म्हणजे सहा महिने, आणि सहा महिन्यांत त्या घरी बसलेल्या असणार. शेजारी बसलेल्या यजमानांचा हात त्यांच्या खांद्यावर आला.

"मला बोलायचंय," मागून आवाज आला.

पैलवान उभा होता.

"आपण कोण?" न्यायाधीशबाईंनी विचारलं.

"प्रतिवादी क्रमांक चार. ठाण्याचा प्रभारी." तो पुढे आला. सरकारी वकिलाने त्याची बाही ओढली, ती त्याने सोडवून घेतली. "ते पिस्तूल गहाळ नाही. अडीच वर्षांपूर्वी एका खटल्यात पुरावा म्हणून मी स्वतः ते कोर्टात हजर केलं. कोर्टाने ठेवून घेतलं. खोलीच्या वहीत त्याची नोंद करायची मी विसरलो. ही कोर्टाची पावती. सही माझी आहे."

त्याने खिशातून एक पिवळा पडलेला कागद काढून पुढे दिला. न्यायाधीशबाईंनी तो दोन्ही बाजूंनी बघितला.

"तुम्ही काय सांगताय ते कळतंय ना? चूक तुमच्या नावावर लागेल. आणि या अर्जात हरलात तर जागाही तुमचीच जाईल."

"कळतंय, मॅडम."

"मग बसा."

तो बसला.

दुपारी बाहेरच्या व्हरांड्यात तो एकटाच कठड्याला टेकून उभा होता. ताई जवळ गेल्या.

"तुला कधी आठवलं?"

त्याने खोटं बोलायचा प्रयत्नसुद्धा केला नाही. "मंगळवारी. तू कागद ठेवलास, मी नंबर वाचला, तेव्हाच."

"मंगळवारी."

"हो. पावती घरच्या फायलीत होती. काढली, परत ठेवली. साहेब फोनवर म्हणाले, तू फक्त गप्प बस, तुझी खुर्ची पक्की." तो घाम पुसत राहिला. "दोन दिवस मी खरंच गप्प बसलो, ताई. आज सकाळी इथे यायला निघालो तेव्हाही ठरलं नव्हतं. आभार मानू नकोस माझे."

"मानत नाही," ताई म्हणाल्या. त्यांचा आवाज चिडका निघाला, आणि त्यांना रडूही येत होतं. "दोन दिवस मी काय भोगलं ते तुला कळणार नाही."

"कळतंय म्हणून तर घाबरलो होतो."

निकाल तीन आठवड्यांनी लागला. तो शेरा रद्द झाला. दोन महिन्यांत समितीने पुन्हा बसावं आणि ताईंचा विचार त्या शेऱ्याशिवाय करावा, असा आदेश झाला. निकालाआधी ताईंनी वकीलबाईंमार्फत विनंती केली होती की आपल्याला जागा द्यावी, पण चौथ्या प्रतिवादीची काढू नये. न्यायाधीशबाईंनी नकारार्थी मान हलवली. "तुमचा चांगुलपणा समजतो. पण जागा एकवीसच आहेत. बाविसावी आम्ही कुठून आणायची?"

मोठ्या साहेबांची बदली एका आडबाजूच्या प्रशिक्षण केंद्रावर झाली. शिक्षा म्हणून नव्हे, असं आदेशात आवर्जून लिहिलेलं होतं. ते वाचून यजमान म्हणाले, "हे वाक्य मी असतो तर खोडलं असतं." सासूबाई मात्र दिवसभर खुशीत होत्या, आणि संध्याकाळी एकदम गप्प झाल्या. "त्याला घरी बोलाव ना," त्या म्हणाल्या. ताईंनी बोलावलं. तो आला नाही.

समिती बसली. ताई निरीक्षक झाल्या आणि पैलवान पुन्हा उपनिरीक्षक झाला. पुढची जागा रिकामी व्हायला चार महिने होते. तोवर त्याला कुठे ठेवायचं याचा कोणी विचारच केला नव्हता, म्हणून तो त्याच ठाण्यात राहिला, ताईंच्या हाताखाली.

पहिल्या सकाळी ताई खोलीत येऊन बसल्या. बाहेर नेहमीचा गलका होता, फोन वाजत होते, कोणीतरी मोठ्याने पत्ता सांगत होतं. त्यांना वाटलं होतं, आज मोकळं वाटेल. तसं काही झालं नाही. दारावर टकटक झाली आणि पैलवान आत आला. खांद्यावरचा एक तारा कमी झाला होता. जिथे तो असायचा तिथलं कापड गडद दिसत होतं. त्याने ताठ उभं राहून सलाम केला.

ताईही उठून उभ्या राहिल्या. वरिष्ठाने उठायचं नसतं, पण त्यांना बसवेना.

"बसा मॅडम," तो म्हणाला. "बाहेरचे बघतायत."

"पोरगी काय म्हणाली?"

"बोलत नाही माझ्याशी. तिची आई समजावतेय." मग त्याने हातातला कागद टेबलावर ठेवला. "बाजारातल्या दोन दुकानफोडी. चोर एकच असावा, दोन्हीकडे मागचा गज तसाच कापलाय. मला वाटतं आज दुपारी तिथं साध्या कपड्यात माणसं लावावीत."

ताईंनी कागद ओढून घेतला. गज कसा कापला होता, कुठल्या बाजूने, ते त्यांनी विचारलं. तो खुर्ची ओढून बसला आणि कागदाच्या मागच्या बाजूला दुकानाचा नकाशा काढून दाखवू लागला.